चार तारांची मावशी

आमच्या मावशीला कुजबुजता येत नसे. देवळात, दवाखान्यात, मयताला, कुठेही तिचा आवाज तोच. भांडुपच्या टेकडीवरच्या आमच्या चाळीतून ती बोलली की खालच्या रिक्षा स्टँडवर कळायचं. एकदा तिला बघायला पाहुणे आले. चहा देताना तिने "साखर किती?" विचारलं आणि मुलाच्या आईची बशी हिंदकळली. स्थळ तिथेच संपलं. मावशी म्हणाली, "बरं झालं. घाबरट माणसं." पुढे तिने लग्नच केलं नाही. ती जाऊन आता वर्ष होईल. शेजारी म्हणतात, चाळ फार शांत झाली; आणि तसं म्हणताना ते खूश दिसत नाहीत.

आवाजाचं कारण आजोबा, म्हणजे तिचे बाबा. कणकवलीकडून येऊन त्यांनी उभी हयात कापडगिरणीत मागावर काढली आणि त्या खडखडाटात दोन्ही कान घालवून बसले. मावशी शेंडेफळ. तिला बोलता येऊ लागलं तोवर घरात सगळे ओरडूनच बोलत होते. तिला वाटलं, बोलणं म्हणजे हेच.

कॉलेजात गेल्यावर तिने तीन मुलांबरोबर रॉक बँड काढला. ती बेस गिटार वाजवायची. जाड चार तारांची, घुमणाऱ्या खालच्या सुरांची. शेजारच्या काकू विचारायच्या, "बाकीच्या तारा विकल्यास काय गं?" सराव मुलुंडला, ड्रमवाल्याच्या वडिलांच्या पिठाच्या गिरणीत. तिथून ती पांढरी होऊन घरी यायची. एका रविवारी आजोबा तिला ओढून आणायला तिथे गेले. दारातच तिच्या गिटारच्या स्पीकरचं मोठं खोकं होतं. त्यांनी टेकायला म्हणून त्यावर हात ठेवला आणि तो तिथेच राहिला. तळहातातून त्यांना गाणं कळत होतं. थोड्या वेळाने त्यांचा उजवा पाय हलायला लागला, मागावर हलायचा तसा. तिला ओढून न्यायचं ते विसरूनच गेले. रागावलेसुद्धा नाहीत.

मग मावशीने मुद्दाम त्यांच्यासाठी गाणं केलं. मागून कितीही हाका मारल्या तरी न वळणाऱ्या बापाचं. सगळा ठेका मागाचा आणि सगळा भार त्या चार तारांवर. घाटकोपरच्या एका स्पर्धेत ते वाजवलं. नंबर आला नाही. परीक्षक म्हणाले, "फार आवाज आहे." मुलं नोकरीला लागली, बँड मोडला, मावशी विमा कचेरीत चिकटली. ते खोकं टीव्हीखाली टेबल म्हणून गेलं. गाणं संपलं, असं आम्ही समजलो.

पण त्या स्पर्धेत पडद्यामागे आणखी एक स्पर्धक उभा होता. आज तो मोठा गायक आहे; त्याचं नाव घेताना लोक कानाची पाळी धरतात. एवढ्या वर्षांनी त्याला ते गाणं आठवलं, नव्याने गावंसं वाटलं, आणि त्याच्या माणसांनी मावशीला शोधून काढलं. मी बँकेत, त्यामुळे घरात कुठलाही कागद आला की माझ्यापुढे येतो. फोनवर बोलायचं कामही माझ्याकडेच आलं.

मावशीची एकच अट होती. "बेस ठेवणार ना, तेवढं विचार. बाबांच्या हाताला लागलं पाहिजे. आता शहाऐंशी झाली त्यांना."

मी फोन केला. पलीकडून तो स्वतः बोलला. मी इतका विरघळलो की तीनदा "सर" म्हणालो, माझी बायको त्याची भक्त असल्याचं सांगितलं आणि फोन ठेवला. मावशीने विचारलं, "काय म्हणाले?" मी म्हणालो, "सदर बाब मान्य आहे म्हणाले." तिने करारावर सही केली.

गाणं आलं त्या दिवशी सगळं घर जमलं. मी ऐटीत महागडा स्पीकर नेला होता. मावशीने आजोबांना खुर्चीत बसवलं, त्यांचा तळहात स्पीकरवर ठेवला आणि ओरडली, "बाबा, आपलं गाणं!"

तानपुरा लागला. मग बासरी. मग तो मखमली आवाज, हळुवार. बापाचं गाणं प्रेमाचं झालं होतं. माझ्या आईने डोळ्यांना पदर लावला, माझी बायको हुंदके देत होती. ठेका नव्हता. त्या चार तारा कुठेच नव्हत्या. आजोबांनी हात जरा सरकवला, मग दुसरा हात ठेवला. आमच्या एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. गाणं संपल्याचं त्यांना आमच्या टाळ्यांवरून कळलं.

"छान आसा गो," ते मावशीला म्हणाले. "छान आसा."

मावशी त्यांच्या पायाकडे बघत होती.

नंतर गॅलरीत तिने मला विचारलं, "बेस कुठाय रे?" मी म्हणालो, "नंतर काढला असेल त्यांनी." दिवाळीच्या आधी आजोबा गेले.

तेराव्यानंतर आम्ही दोघं त्यांचे कपडे आवरत बसलो होतो. मला राहवेना. "मावशी, मी विचारलंच नव्हतं गं. एवढ्या मोठ्या माणसाला काय अटी घालायच्या, असं वाटलं." आणि शिव्या खायला मान खाली घातली.

तिने सदऱ्याची घडी घातली. "माहितीये मेल्या. 'सदर बाब' म्हणालास तेव्हाच कळलं. खोटं बोलताना तू बँकेचं पत्र होतोस."

"मग बोलली का नाहीस?"

"फोन नंबर त्या कागदावरच होता की. मी तरी कुठे केला? केला असता आणि ते म्हणाले असते, मग राहू दे तुमचं गाणं, तर?" ती बाही सरळ करत राहिली. "पन्नाशी उलटली होती रे माझी. वाटलं, एकदा नाव येऊ दे. बाबांना काय, समजावू."

मी काहीतरी बोलणार होतो. तिने हातानेच थांबवलं.

"मला नाव हवं होतं, ते त्यांना कळलं होतं," ती म्हणाली. "म्हणून तर छान म्हणाले."