मधाच्या पक्ष्यामागे

माझी लेक साउदा मधासाठी रानात गेली की ती परतेपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसतो. माझ्या भावाने तिच्यासाठी लिशिंगा शहरात कचेरीतली नोकरी पाहिली आहे, आणि आम्हा याओ लोकांत मामाचा शब्द सहसा कुणी मोडत नाही. मीही तिच्या मागेच लागले होते. काल ती म्हणाली, "आई, एकदा माझ्याबरोबर चल. मग खुशाल पाठव."

आज रानात शिरताच तिने वडिलांकडून शिकलेली साद घातली, "ब्रर्र-हं!" थोड्याच वेळात एक करडा पक्षी चिवचिवत आला आणि झाडाझाडावरून आम्हाला पुढे नेऊ लागला. एरवी शाळेत शिकवणारी मी खाली बघत, ठेचकाळत धावत होते.

"शाळेतल्या बाई, वर बघा! इथे फळा नाही!" साउदा हसत ओरडली.

पक्षी थांबला त्या झाडाच्या ढोलीपाशी धूर करून तिने मधाची पोळी काढली. मी ती सगळी भराभर मडक्यात भरली, तशी ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"आणि वाट दाखवणाऱ्याचं काय? उपाशी ठेवलंस तर पुढच्या वेळी सापाच्या बिळाकडे नेईल!"

"मग तुझ्या मामालाच पुढे धाडू," मी म्हणाले.

तिने मेणाचा तुकडा पानावर ठेवला. पक्षी उतरला आणि आमच्यासमोर मजेत खाऊ लागला. साउदा श्वास रोखून बघत होती. हनुवटीवरून मध ओघळत होता, गाल माशी चावून सुजला होता. इतकं सुखी मी तिला कधी पाहिलं नव्हतं.

काळजी मला उद्याही वाटेल. पण त्यापायी तिला कचेरीत बसवणं आता मला जमायचं नाही. दादा ओरडला तरी चालेल, सकाळी मीच त्याला फोन करणार आहे.