एक बोर घराचं

निजामाचा अंमल नुकताच सरला होता. सावकाराच्या कर्जावर घर घ्यायचं, तेच त्याच्याकडं गहाण टाकायचं, म्हणून सहीसाठी आम्ही नवराबायको सेलूहून परभणीला रेल्वेनं निघालो होतो.

"हप्ता लय बारका हाय," मी शेजारच्या अनोळखी म्हातारीला मिरवून सांगितलं.

तिनं माझ्या ओटीतली बोरं उचलली. एक माझ्या हातावर ठेवायची, "हे घराचं." दुसरं स्वतःच्या तोंडात टाकायची, "हे व्याजाचं." बिया खिडकीबाहेर.

"पोरी, दोन घरं बांधायलीस. ऱ्हाशील एकात."

परभणीपर्यंत निम्मी बोरं फस्त झाली. "लय हावरट बाई हाय," मी ह्यांच्या कानात कुजबुजले आणि त्यांना ओढतच सहीला नेलं.

पुढं सावकारानं माडी बांधली. येता-जाता मी ती हक्कानं न्याहाळते.