पाणबुडीतली शांतता

अण्णा गेल्याचं मला मुंबईत, स्टुडिओच्या फाटकात कळलं. परतूरचा एक ओळखीचा व्यापारी बोलता बोलता म्हणाला, "तुमचे अण्णा गेले की हो..." तेरावाही उलटून गेला होता. मला कळवावंसं घरात कुणाला वाटलं नव्हतं. त्यात त्यांची चूक नव्हती.

अण्णा माझे मावसभाऊ. आमच्या कापूस-ज्वारीच्या मुलखातला हा माणूस दुसऱ्या महायुद्धात इंग्रजांच्या पाणबुडीवर अधिकारी होता. निवृत्त होऊन ते परतूरला आले, तेव्हा मीच त्यांना सिनेमात ओढलं. दोन-तीन माहितीपटांना त्यांनी सल्ला दिला. मग मी संवाद लिहीत होतो त्या बोलपटात पाणबुडीचा प्रसंग आला. पाणबुडीच्या लाकडी सांगाड्यात अण्णांनी नटांना बूट काढायला लावले. "वर दुश्मनाचं जहाज फिरून राह्यलं, अन् तुम्ही खोकता? सगळ्यांना मारता का?" नायक वैतागला, "मग मी करू तरी काय?" "काहीच न्हाई. बस, ऐका."

प्रसंगात एकही शब्द नव्हता. पडद्यावर पाहताना आम्हीही श्वास रोखून बसलो. अण्णा म्हणाले, "एवढं एक बराबर राहू द्या. बाकी गाणी घाला कुठंबी."

ते राहिलं नाही. वितरकाने हट्ट धरला, असं मी अण्णांना सांगितलं. खरं तर वितरक काहीच बोलला नव्हता. मीच दिग्दर्शकाला म्हणालो, "जालना-मंठ्याच्या टुरिंग टॉकीजच्या तंबूत इतका वेळ आवाज नसला, तर मशीन बिघडलं समजून पब्लिक चपला फेकेल." आणि त्या शांततेवर आरडाओरडाही मीच लिहून दिला.

"मंग माझं नाव काढा," एवढंच अण्णा म्हणाले. नाव राहिलं. जाहिरातीला शोभत होतं ना! पुढे त्यांनी कुणालाच सल्ला दिला नाही. माहितीपटवाले परतूरहून हात हलवत परतायचे आणि मी चिडायचो ते अण्णांवरच, एवढ्याशा गोष्टीसाठी काय हा हट्ट! ती चिडचिड अजून गेलेली नाही. आता ती कुणावर काढू...

परवा परतूरला गेलो. वैनी म्हणाल्या, "तंबूत तुमचा सिनेमा आल्ता. हे गेल्ते. लोक इचारायचे, अण्णा, पाण्याखाली असंच बोंबलत होता का? घरी येऊन म्हणले, वितरकाला पोट हाय, त्याला काय बोलावं."

"वैनी, वितरक नव्हता तो. मी होतो."

त्या उठल्या. आत जाऊन चहा घेऊन आल्या, कपबशी माझ्यापुढे फरशीवर ठेवली. जराही आवाज झाला नाही. अण्णांनी लावलेल्या सवयीने त्या घरात भांडी अजून तशीच ठेवतात.