गवतावर राहिलेला ग्लोव्ह

एमिल हुत्स्कोनं बेसबॉल क्लबला वय सव्वीस सांगितलं होतं. खरं एकोणतीस. दोन-तीन वर्षं सगळेच चोरत, त्यामुळे त्याला कुणी खोटं म्हणत नसे. पेन्सिल्व्हेनियातलं कोळशाचं गाव सोडल्यापासून अकरा वर्षं तो खालच्या लीगांमध्ये, बसचे धक्के खात, दुसरा बेस सांभाळत होता. १९५२च्या ऑगस्टमध्ये मोठ्या संघातल्या खेळाडूचं अपेंडिक्स कापावं लागलं आणि एमिलला तार आली. तो माणूस परतेपर्यंत नजरेत भरलो तर पुढच्या वसंतात जागा. नाहीतर बापाबरोबर खाणीत.

बाराव्या सामन्यात चेंडू खड्यावर आपटून उसळला आणि उजव्या हाताचं मधलं बोट मोडलं. तो आवाज त्यानं ऐकला. शेजारी खेळणाऱ्या क्लीट बॉमननंही.

"ट्रेनरला दाखव, गाढवा."

"त्याच्या मलमपट्टीच्या टेबलावर आडवा झालेला माणूस उठतो तो थेट स्टेशनवर. तूच म्हणायचास ना?"

"मी शहाणा आहे असं कधी म्हणालो?"

क्लीटनं कुणाला सांगितलं नाही. उलट एमिलच्या वाट्याचे जमतील तेवढे चेंडू तो स्वतः घेऊ लागला. "नख गेलंय," एमिल इतरांना सांगे. शर्टाची बटणं तो डाव्या हातानं लावी.

पाच दिवस निभावलं. सहाव्या दिवशी, आठव्या फेरीत, अगदी सोपा चेंडू आला. पहिल्या बेसकडे फेकताना बोटानं दगा दिला. चेंडू प्रेक्षकांत जाऊन पडला. दोन धावा गेल्या.

मग एमिलच्या संघाची फलंदाजी आली. तेव्हा ग्लोव्ह मैदानातच टाकून आत यायची रीत होती. एमिलचा ग्लोव्ह दुसऱ्या बेसमागच्या गवतावर होता. तो बॅट घेऊन उठला, तसा मॅनेजर टकर त्याच्याकडे न बघता म्हणाला, "बस, हुत्स्को. लोवेल जातोय."

फेरी संपली. राखीव खेळाडू लोवेल स्वतःचा ग्लोव्ह घालून एमिलच्या जागी गेला आणि गवतावरचा ग्लोव्ह उचलून त्यानं बाकाकडे भिरकावला. तो अर्ध्यातच पडला. पंच कमरेवर हात ठेवून थांबला. एमिलला सगळ्यांसमोर चालत जावं लागलं.

"बघ रे म्हाताऱ्या," वरून कुणीतरी ओरडलं, "तो तरी हातात राहतो का!"

त्यानं तो डाव्या हातानं उचलला. आठवड्यानं संघानं त्याला घरी धाडलं.

गावच्या डॉक्टर पावलिकांनी बोट दाबून पाहिलं. "वाकडं जुळलंय. महिनाभर पट्टीत ठेवलं असतंस तर सरळ राहिलं असतं. कधी मोडलं?"

वसंताला अजून पाच महिने होते, आणि डॉक्टरांचा मेहुणा क्लबांसाठी खेळाडू हेरत फिरायचा.

"मोडलंय कुठे, डॉक्टर? जन्मापासून असंच आहे."

एमिलच्या वेळचं त्याच्या आईचं बाळंतपण डॉक्टरांनीच केलं होतं. त्यांनी पेनाला टोपण लावलं आणि तपासणीचं कार्ड कोरंच ठेवलं.

मार्चमध्ये तार आली नाही. खाणीतल्या फावड्याला ते बोट चाललं.