एक गिऱ्हाईक जाईपर्यंत

विदू गेल्याचं त्याच्या बायकोने, नंदावहिनींनी फोनवर सांगितलं, तेव्हा मी ठाण्याला होतो. झोपेतच गेला, म्हणाल्या... आदल्याच रविवारी आम्ही दोघं डोंबिवलीत उसाचा रस प्यायलो होतो. ग्लास रिकामे झाले तरी हा हलेना. "अरे, लिंबू दुसऱ्या फेरीलाच का घालतो हा रसवाला?" जाऊन विचारलंच. ऊस दुमडल्यावर लिंबू घडीत नीट बसतं, हे कळल्यावर स्वारी इतकी खूश, की मला दुसरा ग्लास प्यावा लागला.

नव्वदच्या आसपास नोकऱ्या सोडून आम्ही औषधांच्या दुकानांसाठी प्रोग्राम करायला लागलो. कॉम्प्युटरपुढे मी बसायचो आणि विदू दुकानांत जाऊन नुसता बघत उभा राहायचा. मानपाडा रोडला म्हात्रेकाकांचं मेडिकल होतं. काकांचा उजवा हात कायम गोळ्यांच्या पाकिटांत अडकलेला, हे त्यानेच हेरलं. "बिलाची सगळी बटणं डावीकडे आण," म्हणाला. मला ते काही पटेना, पण काकांना फार आवडलं.

मग त्याच्या मणक्यातली गादी सरकली. ऑपरेशन झालं तरी कळ पायात उतरायची ती उतरायचीच. त्याला मिनिटभर उभं राहवेना. पडून पडून तो गप्प झाला. मी दुकानातल्या गमती सांगायचो, तो "हं" म्हणायचा. विदू प्रश्न विचारत नाही, याची मला धास्ती वाटायला लागली.

ठाण्याच्या एका डॉक्टरीणबाई अशा जुनाट दुखण्यांवर उपचार करायच्या. त्यांच्याकडे मीच त्याला घेऊन गेलेलो. "दुखणं पूर्ण थांबवा," विदू म्हणाला.

"तसं वचन नाही देता येणार. पण थोडं कमी झालं, तर आधी काय कराल?"

विदू म्हणाला, "दुकानात उभा राहीन."

"किती वेळ?"

"एक गिऱ्हाईक औषध घेऊन जाईपर्यंत."

"मग तेवढंच ठरवू," बाई म्हणाल्या. आणि परतताना रिक्षात विदूने विचारलं, "बाईंनी असं का रे विचारलं असेल?" कितीतरी महिन्यांनी त्याचा प्रश्न ऐकत होतो मी...

गोळ्या झाल्या, व्यायाम झाले, आणि एका सकाळी तो म्हात्रेकाकांच्या काउंटरला धरून उभा राहिला. आलं कोण, तर एक आजीबाई! औषधांची लांबलचक चिठ्ठी, वर सुनेचं गाऱ्हाणं. विदूच्या कपाळावर घाम, पण हसू आवरेना. आजी गेल्यावर खुर्चीत कोसळत म्हणाला, "अरे, गिऱ्हाईक कसलं ते ठरवायचंच राहिलं!"

दुखणं शेवटपर्यंत त्याच्या सोबतीला राहिलं, पण बाईंचा प्रश्न त्याने उचलला. नवा प्रोग्राम करताना म्हात्रेकाकांना विचारलं, "हा मनासारखा चालला, तर आधी काय कराल?"

काका लाजले. "दुपारी घरी जाऊन गरम जेवेन. लग्न झाल्यापासून डबाच खातोय."

प्रोग्राममध्ये घालायला मी जमवलेले विक्रीचे सगळे रिपोर्ट विदूने बाजूला ठेवायला लावले. अर्धं नाव टाकलं तरी औषध कुठल्या खणात आहे ते दिसेल, म्हणजे काकांवाचून दुकान चालेल, एवढंच आधी केलं.

परवा दुपारी मी तिकडे गेलो. काउंटरला काकांची सून होती. "बाबा जेवायला गेलेत. घरीच जा ना!" गेलो. काकांनी न विचारता माझं ताट मांडलं. काकू चुलीपुढून उठल्या नाहीत, तिथूनच त्यांनी तांदळाची भाकरी पुढे केली. विदूचं नाव कुणीच काढलं नाही. भाकरी हातात धरवत नव्हती, तरी काका घाई करत होते, "खा रे, गरम आहे तवर खा."