गुरुवारी कुरुळीला, एका ठोक्यासाठी

शुक्रवारी मिक्सिंग संपवायचं होतं आणि बुधवारी दिग्दर्शकानं तिसऱ्यांदा तोंड वाकडं केलं. "ताई, कारखान्याचा प्रसंग खोटा वाटतोय. असाच राहिला तर कापतो." सिनेमांना आवाज आणि संगीत देण्यात माझी तीस वर्षं गेली, असलं कुणी ऐकवलं नव्हतं. असा संताप आला! म्हटलं, थांब, पत्रा ठोकणारी खरीखुरी प्रेस मशीन रेकॉर्ड करूनच आणते.

गुरुवारी पहाटेच मुंबई सोडली. लोणावळ्याहून लोकलनं पंधरा रुपयांत कासारवाडी. जवळच नाशिक फाट्यावर चाकणकडची बस मिळते. भोसरी, मोशी, कुठ्ठे गर्दी नाही! इथल्या ट्रॅफिकच्या नावानं लोक उगाच बोंबलतात, असं म्हणत कुरुळीला उतरले. मिसळ सत्तर रुपये. तर्री मागून घ्या, नाकातून पाणी येतं.

"कंपन्या कुठल्या बाजूला, भाऊ?" मिसळवाल्याला विचारलं.

"चहूकडं हायेत. पण आज गुरुवार, ताई. इकडं कंपन्यांना गुरुवारीच सुट्टी असती न्हाई का!"

कपाळावर हात मारला. सुट्टी म्हणजे रविवार, एवढीच माझी अक्कल. माझा चेहरा बघून त्यानं युनूसभाईंना फोन लावला. साठीचे गृहस्थ, स्वतःचं छोटं शेड, चार प्रेस. बिचारे स्कूटरवर आले, कुलूप काढलं. "अकराला लाइट जाती. उरका."

आजूबाजूला शुकशुकाट आणि एकच मशीन चालू. एरवीच्या कल्लोळात इतका स्वच्छ आवाज सात जन्मांत मिळाला नसता!

मग हौसेनं त्यांच्या कानाला हेडफोन लावून आमचा प्रसंग ऐकवला. ते दचकलेच.

"ही मशीन डबल मारतीय. हिच्यात मी हात न्हाई घालायचो."

"म्हणजे?"

"एक ठोका पडला की मशीन दम खाती, ताई. तेवढ्यात हात आत, पत्रा बसवायचा, हात भाईर. तुमी दमच ठेवला न्हाई."

प्रसंगाला मी लावलेल्या चालीच्या तालात ठोका बसावा म्हणून तो दम मीच कापला होता. लाज वाटली, हसूही आलं. युनूसभाईंनी चहा पाजला, वर पैशाचं नाव काढू दिलं नाही.

घरी येऊन नवा ठोका लावला, दमासकट. त्यावर माझी चाल ऐकली. छे! नुसती मधे मधे कडमडत होती. काढून टाकली.

शुक्रवारी दिग्दर्शकानं प्रसंग पाहिला, मागे नेऊन पुन्हा पाहिला. "ताई, हाच. एक फ्रेमही कापत नाही. पण तुमची चाल कुठाय?"

"काढली."

"अहो, सात दिवस खपलात तिच्यावर!"

"आठ," म्हटलं, आणि मला हसू आवरेना.