मालिकेतलं मराठी

केम गावातलं घर सोडून आई माझ्याकडे सोलापुरात राहायला आली आणि तिला मालिकांचं वेड लागलं. लहानपणी तिनं जत्रेतल्या तंबूत सिनेमे पाहिले होते. तेव्हाच्या स्टुडिओंतून निघालेल्या सिनेमांत नायक औत हाकायचा आणि आपल्यासारखंच बोलायचा, असं ती कौतुकानं सांगते. आताच्या स्टुडिओंनी मालिकांसाठी मुंबईत सगळा बंगलाच उभा केलाय. बंगल्यातली माणसं शुद्ध बोलतात आणि हाय-न्हाय करायला तेवढी एक स्वयंपाकीणबाई ठेवलेली असते. तिनं तोंड उघडलं की मागून हसण्याचा आवाज येतो. आम्हीही हसतो. आईसुद्धा हसते.

माझ्या मुलीला पाहायला पुण्याचे लोक येणार होते. चांगलं स्थळ हातचं जाईल, अशी मला धास्ती होती. आदल्या दिवशी मी आईला म्हणालो, "पाहुण्यांसमोर जरा नीट बोल. त्या स्वयंपाकीणबाईसारखं नको." मुलगी माझ्यावर चिडली. आई मालिका बघत बसली. मला वाटलं, विषय मिटला.

पाहुणे आले, मुलगा आणि त्याचे आईवडील. आई इस्त्रीची साडी नेसून बाहेर आली, हात जोडले आणि म्हणाली, "या ना. आपल्या येण्यानं आमची वास्तू धन्य झाली." एवढं म्हणून ती थांबली आणि एकेकाच्या तोंडाकडे सावकाश पाहू लागली. मालिकेतली मालकीण असंच करते, कारण तिथं कॅमेरा फिरत असतो. पोहे आणि शेंगाचटणी आली तेव्हा आई म्हणाली, "संकोच करू नका. आमच्या घराण्यात संस्कारांना फार महत्त्व आहे." मुलाच्या वडिलांनी हसू दाबलं. माझी मुलगी खाली मान घालून बसली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं, आणि तेव्हाही लाज वाटत होती ती आईचीच.

मुलाची आई मात्र हसली नाही. खुर्ची सोडून ती दिवाणावर आईला खेटून बसली. तिचं माहेर आमच्याच भागातल्या माढ्याचं, हे आम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं.

"मावशी, तुमी केमच्या ना?" ती म्हणाली. "पुण्यात आपलं बोलाय कुणी न्हाय बगा. लई दिसांनी आपल्याकडचं माणूस भेटलंय. सांगा की, कसं हाय तिकडं?"

आईचा चेहरा खुलला. ती आता भरभरून बोलणार, असं वाटलं. पण शब्द ओठांवर आला आणि तिनं तोंड मिटलं. मग त्या बाईंना उत्तर न देता ती माझ्याकडं वळली. सगळेच माझ्याकडं बघायला लागले.

"बोलू का रं?" आईनं मला विचारलं.